पुकारा झाला तेव्हा तुम्ही नव्हता

वाचक भगिनीचं पत्र, थोडक्यात:

लग्न 1989 मध्ये झालं. आई आधीच गेली होती, वडील 2001 मध्ये गेले. मागे वडिलोपार्जित जमीन, एक भाऊ आणि या. 2012 मध्ये त्यांनी वाटपाचा दावा लावला. 2019 मध्ये कोर्टानं त्यांना चौथा हिस्सा दिला. मागणी निम्म्याची होती, म्हणून जिल्हा न्यायालयात अपील केलं. वकील म्हणाले, "दर तारखेला यायची गरज नाही, बोर्डावर आलं की फोन करतो." पुढे घर बदललं, मोबाइल नंबर बदलला आणि वकिलांना कळवायचं राहून गेलं. गेल्या जूनमध्ये अपील 'डिसमिस इन डिफॉल्ट' झालं, म्हणजे गैरहजेरीमुळे काढून टाकलं गेलं. हे त्यांना आठ महिन्यांनी भावाच्या तोंडून कळलं. भाऊ म्हणतो, "वरच्या कोर्टानंही तुला नाकारलं. देतो ती रक्कम घे आणि हक्कसोडपत्रावर सही कर." पती म्हणतात, हायकोर्टात जाऊ. नात्यातल्या एकानं त्या तारखेचा डॉक्टरचा दाखला मिळवायला सुचवलं आहे. त्यांचा प्रश्न असा: वकिलावर केस करू, हायकोर्टात जाऊ, की सगळं सोडून देऊ? शेवटी लिहिलं आहे, "चूक माझीच आहे, असं रात्रभर वाटत राहतं."

प्रिय ताई,

तुमच्या पत्रात एक वाक्य तीनदा आलं आहे: "मी अपील हरले." तिथूनच सुरुवात करते, कारण तुमच्या रात्रीच्या जागरणाचं मूळ तिथे आहे आणि ते वाक्य खरं नाही.

अपील हरायला कुणीतरी ते ऐकावं लागतं. तुमच्या अपिलाचा पुकारा झाला, तुमच्या बाजूनं कोणी उभं राहिलं नाही आणि न्यायाधीशांनी ते गैरहजेरीमुळे काढून टाकलं. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश 41, नियम 17 नं त्यांना तेवढाच अधिकार दिला आहे. 1976 च्या दुरुस्तीनं त्या नियमाला मुद्दाम एक स्पष्टीकरण जोडलं गेलं: अपीलकर्ता हजर नसेल तर या नियमाखाली अपील गुणदोषांवर, म्हणजे मूळ वादाचा निवाडा करून, फेटाळता येणार नाही. म्हणजे तुमचा हिस्सा चौथा की निम्मा, यावर जिल्हा न्यायालयानं एक अक्षरही म्हटलेलं नाही. "वरच्या कोर्टानं तुला नाकारलं" असं भाऊ म्हणतो, त्याला बहुधा तसंच वाटतही असेल. पण कोर्टानं तुमचं म्हणणं ऐकलेलंच नाही, मग नाकारणार काय?

हे मी फक्त तुमच्या समाधानासाठी सांगत नाही. पुढची वाट यावरच ठरते. संहितेच्या कलम 2(2) मध्ये 'हुकूमनामा' (डिक्री, म्हणजे हक्कांचा निवाडा करणारा कोर्टाचा निर्णय) या शब्दाची व्याख्या आहे आणि गैरहजेरीमुळे काढून टाकल्याचा आदेश त्या व्याख्येतून स्पष्टपणे वगळलेला आहे. हायकोर्टातलं दुसरं अपील होतं ते अपिलातल्या हुकूमनाम्यावर. तुमच्याकडे तो नाहीच. तेव्हा तुमच्या यजमानांची कळकळ समजते, पण हायकोर्टाची पायरी आत्ता चढायची नाही. ज्या कोर्टानं अपील काढून टाकलं, त्याच कोर्टात परत जायचं आहे.

त्याआधी आदेश स्वतःच्या डोळ्यांनी वाचा. पत्रावरून मला दिसतं की तुम्ही तो अजून पाहिलेला नाही. भावानं सांगितलं, वकिलांनी फोनवर दुजोरा दिला, एवढंच. आदेशाची आणि रोजनाम्याची (दर तारखेला काय झालं त्या नोंदींची) प्रमाणित नक्कल मागा. ती येईपर्यंत ई-कोर्ट्सच्या ॲपवर तुमच्या प्रकरणाचा सोळा अंकाक्षरांचा सीएनआर (ओळख) क्रमांक टाकलात तर सगळ्या तारखा समोर येतील. दोन गोष्टी बघा. पहिली, त्या दिवशी अपील कशासाठी नेमलं होतं? नियम 17 लागतो तो सुनावणीला पुकारलेल्या अपिलाला. तारीख केवळ खालच्या कोर्टाचं रेकॉर्ड येण्यासाठी किंवा नोटीस बजावणीसाठी असेल, तर हा तुमच्या बाजूचा मोठा मुद्दा होतो. मधे अपील एका न्यायाधीशांकडून दुसऱ्यांकडे वर्ग झालं होतं का, तेही रोजनाम्यात कळेल; वर्ग झाल्याची खबर पक्षकाराला नसणं हेसुद्धा गैरहजेरीचं खरं कारण असू शकतं. दुसरी गोष्ट, आदेश दोन-चार ओळींचा आहे की कारणांसह पानंच्या पानं? न्यायाधीशांनी तुमच्या पाठीमागे पुरावा तपासून अपील गुणदोषांवर फेटाळलं असेल, तर प्रकरण वेगळं होतं. तसं करता येत नाही, हे सर्वोच्च न्यायालयानं अब्दुर रहमान विरुद्ध अथिफा बेगम या 1996 च्या निकालात सांगितलं आणि घनश्याम दास गुप्ता यांच्या 2012 च्या प्रकरणात पुन्हा सांगितलं. तेव्हा मात्र हायकोर्टाचा विचार करावा लागेल. तुमच्या वर्णनावरून आदेश साधाच वाटतो.

नक्कल हाती येईपर्यंत अपील पुन्हा दाखल करून घेण्याचा अर्ज मात्र अडवून ठेवू नका (तो कसा करायचा, ते पुढे सांगते). अपिलाच्या मुदतीतून नक्कल मिळण्यात गेलेला वेळ वगळतात, म्हणून इथेही तसंच असेल असं अनेक जण धरून चालतात. मुदत कायद्याच्या कलम 12 मधली ती सवलत अपील, पुनर्विलोकन, पुनरीक्षण अशा कामांना आहे. अपील पुन्हा दाखल करून घेण्याच्या अर्जाचा तिथे उल्लेख नाही. नक्कल मागितल्याची पावती जोडून अर्ज करा, नक्कल मागाहून द्या.

आता मुख्य काम. आदेश 41, नियम 19 खाली अपील पुन्हा दाखल करून घ्या, असा अर्ज करायचा. त्याची मुदत, मुदत कायद्याच्या अनुच्छेद 122 प्रमाणे, 30 दिवस. हे दिवस मोजायचे अपील काढून टाकल्याच्या तारखेपासून. तुम्हाला कळलं त्या तारखेपासून नव्हे. हे कठोर आहे, पण कायदा तसा आहे. तुमचे 30 दिवस जुलैमध्येच सरले. म्हणून सोबत दुसरा अर्ज लागेल, कलम 5 खाली विलंब माफीचा.

इथे मला थोडं थांबायचं आहे, कारण या वळणावर चांगली प्रकरणं वाया गेलेली मी पाहिली आहेत. दोन अर्ज म्हणजे दोन वेगळे प्रश्न. पहिला प्रश्न: जूनमधल्या त्या एका दिवशी तुमच्या बाजूनं कोणी का नव्हतं? दुसरा प्रश्न: त्यानंतर आठ महिने तुम्ही का आला नाहीत? लोक दोन्ही अर्जांत तोच मजकूर उतरवतात, "वकिलांनी कळवलं नाही" असं एकदा म्हणतात आणि थांबतात. पहिल्या प्रश्नाला ते उत्तर चालेलही. दुसऱ्याला अपुरं पडतं. तिथे तारखा हव्यात. वकिलांशी शेवटचं बोलणं कधी झालं, घर कधी बदललं, जुना नंबर कधी बंद झाला, भावानं कोणत्या दिवशी सांगितलं, त्यानंतर कोणत्या दिवशी वकिलांना भेटलात, नक्कल कधी मागितली. भावाकडून कळल्यापासून अर्ज करेपर्यंतच्या दिवसांवर कोर्टाची नजर सगळ्यात कडक असते, कारण तेव्हा तुम्हाला सगळं ठाऊक होतं. म्हणून हे उत्तर वाचून झाल्यावर 'सण उरकू दे, मग बघू' असं करू नका.

आणि आता वकिलांविषयी. तुम्ही लिहिलं आहे की भावानं त्यांना 'मॅनेज' केलं असावं. याचा काही आधार तुमच्याकडे आहे का? मला पत्रात दिसला नाही. त्यांनी तुम्हाला सांगितलं की त्या दिवशी ते दुसऱ्या कोर्टात होते. जिल्ह्याच्या ठिकाणी एका वकिलाचे एकाच वेळी दोन कोर्टांत पुकारे होणं ही रोजची गोष्ट आहे. निष्काळजीपणा झाला आणि त्याची झळ तुम्हाला बसली, हे खरं. पण लबाडीचा आरोप अर्जात घातलात तर तो सिद्ध करण्याचं ओझं तुमच्या डोक्यावर येईल आणि साधं, खरं कारण त्याखाली दबून जाईल.

वकिलाच्या चुकीची शिक्षा पक्षकाराला का, हा तुमचा प्रश्न सर्वोच्च न्यायालयानंही विचारला आहे. रफीक विरुद्ध मुन्शीलाल, 1981: अपील ऐकायला आलं तेव्हा वकील हजर नव्हते, म्हणून हायकोर्टानं ते निकाली काढलं होतं. सर्वोच्च न्यायालयानं म्हटलं की वकील नेमून, फी देऊन गावाकडे गेलेल्या माणसानं आपलं काम केलं आहे. वकिलाच्या कसुरीपायी त्याला भरडू नये. हा निकाल तुमच्या अर्जात येईलच. पण नाण्याची दुसरी बाजूही तुम्हाला माहीत हवी, कारण भावाचे वकील ती मांडणार आहेत. 1993 च्या सलिल दत्ता प्रकरणात त्याच न्यायालयानं बजावलं की रफीकचा निकाल म्हणजे सरसकट नियम नव्हे. वकील हा पक्षकाराचा प्रतिनिधी असतो आणि पक्षकार कोण, त्यानं स्वतः काय केलं, हे पाहावं लागतं. 2024 मध्ये राजनीश कुमार विरुद्ध वेद प्रकाश या प्रकरणातही सगळा दोष वकिलावर टाकून विलंब माफ होत नाही, पक्षकारानं स्वतः जागरूक राहायला हवं, असंच सांगितलं गेलं. मला विचाराल तर या निकालांत विरोध नाही. साऱ्यांचा प्रश्न एकच आहे: या माणसाला आपल्या कामाची काळजी होती का?

म्हणून तुमचं उत्तर प्रामाणिक हवं. नंबर बदलला आणि कळवायचं राहिलं, हे लपवू नका. तुम्हाला वाटतं की हे कबूल केलं की संपलं. मला उलट वाटतं. घर बदलण्याच्या धांदलीत एक फोन करायचा राहून गेला, हे कुणाही न्यायाधीशाला समजतं. ते लपवलंत आणि उलटतपासणीत बाहेर आलं, तर बाकीचं खरंही खोटं वाटू लागतं. 2019 पासून तुम्ही जे केलंत, ते मात्र पुराव्यासह मांडा: वकिलांना पाठवलेले पैसे, जुने मेसेज, सुरुवातीच्या तारखांना स्वतः गेल्याच्या नोंदी, घर बदलल्याचा भाडेकरार किंवा वीजबिल.

डॉक्टरच्या दाखल्याबद्दल एकच सांगते: नको. तुम्ही त्या दिवशी आजारी नव्हता. अर्जासोबत शपथपत्र जातं आणि खोटं शपथपत्र हा गुन्हा आहे. शिवाय तुमच्या गोष्टीत आजाराला जागाच नाही. तारीखच माहीत नव्हती, तर त्या दिवशी तुम्ही ठणठणीत होतात की तापानं फणफणत होतात, यानं काय फरक पडतो? खरं कारण हाताशी असताना खोट्याची उसनवारी कशाला?

वकील बदलायचे का? विश्वास उडाला असेल तर बदला, पण भांडून नको. त्यांच्याकडून नाहरकत घ्या, कागदपत्रं परत घ्या. थकलेल्या फीसाठी वकिलाला पक्षकाराचे कागद अडवून ठेवता येत नाहीत, असं सर्वोच्च न्यायालयानं 2000 मध्ये आर. डी. सक्सेना यांच्या प्रकरणात ठरवलं आहे. शक्य झालं तर त्याच भेटीत त्यांना विनंती करा: त्या दिवशी मी दुसऱ्या कोर्टात होतो आणि पक्षकाराला कळवू शकलो नाही, एवढं शपथपत्र द्याल का? बरेच वकील देतात. त्यांच्यावर वकील परिषदेकडे तक्रार करण्याचा हक्क तुम्हाला आहे, तो कुठे जात नाही. पण आज तक्रार केलीत तर उद्या हे शपथपत्र मिळणार नाही. क्रम तुम्हीच ठरवा.

पैशांची काळजी तुम्ही एका ओळीत लिहून पुढे गेलात. विधी सेवा प्राधिकरण कायदा, 1987, कलम 12: स्त्रीला मोफत कायदेशीर मदत मिळते, तिचं उत्पन्न कितीही असो. जिल्हा न्यायालयाच्या आवारातच प्राधिकरणाचं कार्यालय असतं. 15100 या क्रमांकावरही विचारता येतं. यात कमीपणा काही नाही.

आता ज्यामुळे मला हे उत्तर तातडीनं लिहावंसं वाटलं, ती गोष्ट. 2019 मध्ये तुम्हाला चौथाच हिस्सा का मिळाला, हे निकालपत्राच्या तुम्ही पाठवलेल्या उताऱ्यातून कळतं. वडील 2001 मध्ये वारले, म्हणजे हिंदू वारसा कायद्याच्या 2005 च्या दुरुस्तीआधी. म्हणून तुम्ही सहदायाद (वडिलोपार्जित मिळकतीत जन्मतःच वाटा असलेली व्यक्ती) नाही, असं कोर्टानं धरलं. आधी वडील आणि भाऊ असे दोन भाग कल्पिले, मग वडिलांच्या निम्म्यातला निम्मा तुम्हाला. त्या वेळी सर्वोच्च न्यायालयाचा फुलवती प्रकरणाचा 2015 चा निकाल होता (दुरुस्तीच्या दिवशी वडील हयात हवेत, असं सांगणारा), त्याला धरूनच खालच्या कोर्टानं हे केलं. पण 11 ऑगस्ट 2020 रोजी विनीता शर्मा विरुद्ध राकेश शर्मा या निकालात सर्वोच्च न्यायालयाच्या तीन न्यायाधीशांच्या पीठानं तो निकाल मोडीत काढला. मुलगी जन्मानंच सहदायाद असते, 9 सप्टेंबर 2005 ला, म्हणजे दुरुस्ती लागू झाली त्या दिवशी, वडील हयात असण्याची गरज नाही. हा नियम लावला तर वडील, भाऊ आणि तुम्ही असे तीन भाग. वडिलांच्या तिसऱ्या हिश्शाचे पुन्हा दोन. तिसरा अधिक सहावा, म्हणजे निम्मा. 20 डिसेंबर 2004 पूर्वी नोंदणीकृत दस्तानं किंवा कोर्टाच्या हुकुमानं वाटप झालेलं असेल तर अडचण, आणि तुमच्याकडे तसं झालेलं नाही.

म्हणजे तुमचं अपील टाकाऊ नव्हतं. ते कपाटात पडून असताना कायदा तुमच्या बाजूनं वळला आणि ते सांगायला त्या दिवशी कोर्टात कुणी नव्हतं. अर्जात हा मुद्दा थोडक्यात पण ठळक यायला हवा.

दाखल करून घ्यायचा अर्ज नामंजूर झाला तरी आदेश 43, नियम 1(टी) खाली त्यावर हायकोर्टात अपील आहे. आणखी एक वाट आहे, ती तुमच्या नव्या वकिलांशी नीट बोला. वाटपाच्या दाव्यात 2019 चा तो प्राथमिक, म्हणजे फक्त हिस्से ठरवणारा, हुकूमनामा आहे. प्रत्यक्ष वाटणीचा अंतिम हुकूमनामा अजून व्हायचा आहे. तोवर कायदा बदलला तर प्राथमिक हुकूमनाम्यातले हिस्से बदलता येतात, असं गंडुरी कोटेश्वरम्मा यांच्या 2011 च्या प्रकरणात ठरलं. विनीता शर्मा निकालातही, प्राथमिक हुकूमनामा झालेला असला तरी चालू कामात मुलींना मुलाइतका हिस्सा द्यावा, असं म्हटलं आहे. भावाकडून हरकत येईल की अपील गेलं तसा हाही मुद्दा संपला. त्यावर वाद घालता येतो. पण म्हणून पहिली वाट सोडू नका. अपील जिवंत झालं तर हा वादच उरत नाही.

आणि काहीच झालं नाही असं धरलं, तरी चौथ्या हिश्शाचा हुकूमनामा तुमचाच आहे. अपील तुमचं होतं, भावाचं नव्हतं. ते काढून टाकल्यानं तुमच्या पदरी पडलेलं गेलं नाही. हे मनात घट्ट धरून भावाच्या प्रस्तावाकडे पाहा. तो रक्कम कशाची देतो आहे? चौथ्या हिश्शाची, निम्म्याची, की तुमच्या भीतीची? हक्कसोडपत्रावर सही झाली की दोन्ही हिस्से गेले. मी तडजोडीच्या विरोधात नाही. बारा-तेरा वर्षं बहीण-भाऊ कोर्टाच्या व्हरांड्यात समोरासमोर उभे राहिले की राखीचा धागा विरतोच, आणि तुम्हाला तो हवा आहे हे पत्राच्या ओळीओळीत दिसतं. पण तडजोडीला बसायचं ते अपील पुन्हा चालू झाल्यावर, मध्यस्थी केंद्रात किंवा लोकअदालतीत, दोघांचे वकील समोर ठेवून. आज बसलात तर तो जिंकलेला आणि तुम्ही हरलेल्या, असं समजून दोघंही बोलाल.

मधल्या काळात जमीन विकली जाऊ नये, म्हणून अर्जासोबतच 'जैसे थे' आदेश मागा. अपिलात काही मनाई होती का आणि दावा चालू असल्याची नोंद निबंधकाकडे केली होती का, हेही विचारून घ्या.

तुमच्यासारखी पत्रं आणखी काही आली आहेत, त्यांच्यासाठी इथेच दोन शब्द. तुम्ही उत्तरवादी (ज्याच्याविरुद्ध अपील आहे तो पक्ष) असाल आणि अपील तुमच्या गैरहजेरीत एकतर्फी मंजूर झालं असेल, तर नियम 19 नव्हे, नियम 21 बघा. आई-वडील अपीलकर्ते होते आणि मधेच वारले, असं असेल तर प्रश्न गैरहजेरीचा नाही, वारस नोंदवण्याचा आहे. त्याला 90 दिवस, आणि ते चुकले तर अपील संपुष्टात आल्याचा परिणाम रद्द करून घ्यायला पुढचे 60. फौजदारी अपिलाचं वेगळंच आहे: बनीसिंग प्रकरणात 1996 मध्ये ठरलं की आरोपीचं अपील निव्वळ गैरहजेरीमुळे फेटाळायचं नाही, रेकॉर्ड पाहून निकाल द्यायचा. दिवाणीत कोर्ट तेवढं थांबत नाही.

ताई, चूक तुमची होती का? थोडी होती. वर्ष-दीड वर्ष फोन नाही, तर आपण एक करावा, हे तुम्हालाही आता कळतं. पण 2012 पासून एकटीनं दावा चालवणाऱ्या बाईला एका राहून गेलेल्या फोनसाठी मी निष्काळजी म्हणणार नाही, आणि तुम्हीही स्वतःला म्हणू नका. कोर्ट कदाचित थोडा खर्च भरायला लावेल. भरा.

उद्या सकाळी नकलेचा अर्ज द्या. दुपारी विधी सेवा प्राधिकरणात किंवा नव्या वकिलांकडे जा, तारखांची वही सोबत न्या. नव्या वकीलपत्रावर तुमचा चालू नंबर आणि घरातल्या आणखी एकाचा नंबर लिहा. या अर्जाच्या प्रत्येक तारखेला स्वतः जाऊन बसा, काही बोलायचं नसलं तरी. आणि भावाचा फोन आला तर एवढंच सांगा: अपील पुन्हा चालू करायचा अर्ज दिला आहे, त्याचा निकाल लागला की मी स्वतःच तुला फोन करीन.